लेक शीख घरात चालली आहे, तेव्हा

प्रश्न थोडक्यात असा आहे: "आमचं घर वारकरी, तीन पिढ्यांची पंढरीची वारी. मुलीनं शीख मुलगा पसंत केलाय. माणसं चांगली आहेत, आमची हरकत नाही. लग्न गुरुद्वारात, ग्रंथाभोवती चार फेरे घालून होणार. हे लोक मूर्ती मानत नाहीत म्हणतात, मग पुस्तकाची पूजा कशी करतात? शेवटी ते हिंदूच ना? आणि त्या दिवशी आमच्याकडून काही चुकू नये म्हणून काय पाहायचं?"

ताई, मी नांदेडची. आमचं घराणं कित्येक पिढ्या गोदाकाठी आहे. घरात पंजाबी, हिंदी, मराठी यांची खिचडी चालते, भांडण मात्र शुद्ध मराठीत. तीसेक वर्षं मी मुलांना गुरमुखी शिकवते आणि घरोघरी पाठाला बसते. बाहेरगावचे लोक हुजूर साहिब, म्हणजे इथला मोठा गुरुद्वारा, बघायला आले की त्यांचा पहिला प्रश्न तुमचाच असतो, पुस्तकाच्या पूजेचा. म्हणून तिथूनच सुरू करते, कारण ते एक नीट कळलं की बाकीचं आपोआप उलगडत जातं.

पहाटे गुरुद्वारात गेलात तर काय दिसेल? एका खोलीतून ग्रंथ डोक्यावर घेऊन सेवादार येतो, लोक उभे राहतात, वर चांदवा असलेल्या आसनावर ग्रंथ ठेवून उघडला जातो. याला 'प्रकाश' म्हणतात. दिवसभर मागे कुणीतरी चौरी ढाळत असतं. रात्री ग्रंथ मिटून, रुमाल्यात, म्हणजे ग्रंथासाठीच्या खास वस्त्रात, गुंडाळून पुन्हा त्या खोलीत नेतात, ते 'सुखासन'. तुम्ही वारकरी, तुम्हाला लगेच काकडआरती आणि शेजारती आठवणार. आठवू द्या, पण इथे कल्पना देवाला उठवण्या-निजवण्याची नाही, दरबाराची आहे. चांदवा, चौरी, उंच आसन ही त्या काळातली राजचिन्हं. बादशहा दिल्लीत असेल, आमचा सच्चा पातशाह इथे बसलाय, असं सांगण्याची ती रीत. राजासमोर माणूस गप्प बसून ऐकतो. ग्रंथासमोर आमचं मुख्य काम तेच, ऐकणं. नैवेद्य ग्रंथाच्या तोंडी लावला जात नाही. 'हुकमनामा' घेतला जातो, म्हणजे ग्रंथ उघडल्यावर डाव्या पानाच्या माथ्यावर जो शब्द येईल तो त्या दिवसाचा आदेश. शब्द मागच्या पानावर सुरू झाला असेल तर पान मागे उलटून तिथून वाचायचा. आमच्याकडे 'शब्द' म्हणजे तुमच्याकडचा अभंग.

या ग्रंथाला आम्ही पुस्तक म्हणत नाही, गुरू म्हणतो. पानांना पान म्हणत नाही, 'अंग' म्हणतो, आणि प्रत्येक छापील प्रतीत ते 1430च असतात. प्रत म्हणायची झाली तर 'सरूप'. जीर्ण झालेली सरूपं रद्दीत जात नाहीत की नदीत सोडली जात नाहीत. पंजाबात गोइंदवालला त्यांना माणसासारखा अग्नी दिला जातो. 2000 साली सर्वोच्च न्यायालयानेही गुरुद्वारात स्थापन केलेला गुरू ग्रंथ साहिब कायद्याच्या दृष्टीने 'व्यक्ती' ठरतो असा निकाल दिला. एका मालमत्तेच्या वादातून ते प्रकरण तिथवर गेलं होतं. आमच्यासाठी त्यात नवं काही नव्हतं.

आता त्यात लिहिलंय काय, हे तुमच्या घरासाठी फार महत्त्वाचं आहे. सहा गुरूंची वाणी आहे: पहिले पाच आणि नववे. शिवाय पंधरा भगतांची आहे. त्यात मुसलमान विणकरांच्या घरचे कबीर आहेत, चर्मकार रविदास आहेत, सूफी शेख फरीद आहेत, आणि आपले नामदेव आहेत, एकसष्ट शब्दांनिशी. परंपरा सांगते की नामदेवांनी आयुष्याची बरीच वर्षं पंजाबात, गुरदासपूर जिल्ह्यातल्या घुमानला काढली. 2015 साली मराठी साहित्य संमेलन तिथेच भरलं होतं. म्हणजे तुमचे व्याही रोज ज्याच्यापुढे माथा टेकतात, त्यात तुमच्या दिंडीतला माणूस आधीपासून बसलेला आहे.

त्यांच्यातला एक शब्द मी मुलांना नेहमी शिकवते, भैरव रागातला. नामदेव म्हणतात, हसतखेळत तुझ्या देवळात आलो, भक्ती करता करता मला धरून उठवलं. 'हीनड़ी जाति मेरी जादिम राइआ', हे यादवराया, माझी जात हीन, छीप्याच्या, म्हणजे कापड छापणाऱ्याच्या, पोटी मी जन्मलो कशाला? मग घोंगडी उचलून ते देवळामागे जाऊन बसतात, नाम घेत राहतात, आणि देऊळच भक्ताकडे तोंड करून फिरतं. आपल्याकडे ही गोष्ट औंढा नागनाथची म्हणून सांगतात, नांदेडहून ते काही लांब नाही. पंजाबातल्या मुलाला औंढा कुठे आहे ते ठाऊक नसतं, पण हा शब्द तो तालासुरात म्हणतो. सगळा ग्रंथ रागांनुसार लावलेला आहे, मुख्य राग एकतीस. कीर्तन म्हणजे या शब्दांचं गायन, बस्स. तुमच्या कीर्तनासारखा पूर्वरंग-उत्तररंग, आख्यान, विनोद यांची अपेक्षा ठेवून बसू नका. कथा सांगणारे कथावाचक वेगळे असतात.

हा ग्रंथ गुरू कसा झाला, तो आमचा इतिहास. लांबलचक आहे, मी मला जिथे थांबावंसं वाटतं तिथेच थांबते.

गुरू नानक 1469 मध्ये तलवंडीला जन्मले. ते आज पाकिस्तानातलं ननकाना साहिब. सुलतानपूर लोधीला मोदीखान्यात, म्हणजे सरकारी धान्यकोठारात, हिशेबनीस होते. बेईं नदीत उतरले ते तीन दिवस दिसले नाहीत, आणि बाहेर आल्यावर 'ना कोई हिंदू, ना मुसलमान' असं म्हणाले, ही जनमसाख्यांमधली, म्हणजे नानकांच्या जुन्या चरित्रकथांमधली, कथा. मग मरदाना नावाच्या रबाब वाजवणाऱ्या मुसलमान सोबत्याला घेऊन वर्षानुवर्षं फिरले. मला स्वतःला त्यांचा शेवटचा काळ सगळ्यात मोठा वाटतो: रावीकाठी करतारपूरला शेती केली, सकाळ-संध्याकाळ शब्द गायले, येईल त्याला जेवू घातलं. संन्यास नाही, मठ नाही. 1539 मध्ये गादी मुलांना न देता लहणा नावाच्या शिष्याला दिली आणि त्याचं नाव ठेवलं अंगद. माझंच अंग, असा त्याचा अर्थ. ज्योत एक, देह बदलला, असं आम्ही मानतो. एकदा हे मानलं की पुढे ती ज्योत देहातून ग्रंथात आली यात काही विचित्र राहत नाही.

तिसऱ्या गुरूंनी, अमरदासांनी, नियम घातला की आधी पंगत, मग भेट. अकबरालाही जमिनीवर बसून जेवावं लागलं अशी आठवण सांगतात. चौथ्यांनी अमृतसर वसवलं. पाचव्या गुरूंनी, अर्जनदेवांनी, हरिमंदिर, म्हणजे आजचं सुवर्णमंदिर, उभं केलं, चार बाजूंना चार दारं ठेवून, आणि 1604 मध्ये सगळी वाणी एकत्र करून आदिग्रंथ सिद्ध केला. ते सांगत होते आणि भाई गुरदास लिहीत होते. दोनच वर्षांनी, 1606 मध्ये, जहांगीरच्या काळात लाहोरला त्यांना हाल करून मारलं. ऐन उन्हाळ्यात शीख लोक रस्त्यावर येणाऱ्या-जाणाऱ्याला थांबवून गोड थंड दूध-पाणी देतात ना, ती छबील त्यांच्या आठवणीची असते. पुण्या-मुंबईतही लागते. लोक गटागटा पितात आणि कारण विचारत नाहीत.

सहाव्या गुरूंनी दोन तलवारी बांधल्या, एक पीरीची, एक मीरीची. एक अध्यात्माची, दुसरी सत्तेची. नववे गुरू तेगबहादुर यांचा 1675 मध्ये दिल्लीत चांदणी चौकात शिरच्छेद झाला. त्यांच्याकडे काश्मिरी पंडित गाऱ्हाणं घेऊन आले होते असं परंपरा सांगते. दुसऱ्यांच्या धर्माचं, त्यांच्या जानव्याचं, रक्षण करताना त्यांचं शिर गेलं, आणि जानवं तर नानकांनी स्वतः नाकारलेलं होतं. मुलांना हे समजावताना मी दर वेळी क्षणभर थांबते.

1699ची बैसाखी, आनंदपूर. दहावे गुरू गोबिंदसिंह नंगी तलवार घेऊन उभे राहिले आणि म्हणाले, मला एक शिर हवंय. एकेक करून पाच जण उठले. लाहोरचा खत्री, हस्तिनापूरचा जाट, जगन्नाथपुरीचा पाणक्या, द्वारकेचा छींबा आणि आपल्या शेजारच्या बिदरचा न्हावी. यादी लक्षात घ्या. छींबा म्हणजे कापडावर छपाई करणारा, नामदेवांच्याच धंद्यातला. ज्याला देवळातून उठवलं होतं त्याचा भाऊबंद इथे पहिल्या पाचांत आला. पाचांना एकाच भांड्यातलं अमृत दिलं. पाण्यात बत्तासे, ढवळायला दुधारी खंडा. मग गुरूंनी त्यांच्यापुढे हात जोडून स्वतःसाठी तेच मागितलं. हा खालसा. पुरुषांना 'सिंह', बायकांना 'कौर'. आडनावावरून जात कळू नये म्हणून. केस, कंगा, कडं, कच्छेरा आणि कृपाण ही पाच चिन्हं तेव्हापासूनची. तुमच्या जावयाने अमृत घेतलेलं असेल तर पाचही सांभाळेल. नुसते केस राखलेले किंवा केस कापलेले शीखही असतात. कोण किती पाळतो हे व्याह्यांच्या बैठकीत चौघांदेखत विचारू नका, कितीतरी घरांत तो हळवा विषय असतो.

नंतरची वर्षं वाईट गेली. दहाव्या गुरूंचे चारही मुलगे गेले, दोन चमकौरच्या लढाईत आणि दोन लहानगे सरहिंदला भिंतीत. औरंगजेबानंतर गुरू बहादूरशहाबरोबर दक्षिणेत आले आणि नांदेडला थांबले. इथेच माधोदास बैरागी त्यांना भेटला आणि बंदासिंह बहादुर होऊन पंजाबकडे निघाला. इथेच एका पठाणाने त्यांच्यावर वार केला, आणि ऑक्टोबर 1708 मध्ये त्यांनी देह ठेवला. जाण्यापूर्वी गादी कुणा माणसाला दिली नाही. ग्रंथापुढे माथा टेकला आणि सांगितलं, आता हाच गुरू. म्हणजे तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर महाराष्ट्रातच, गोदावरीच्या काठावर घडलंय. सचखंड, म्हणजे हुजूर साहिबची आजची वास्तू, महाराजा रणजितसिंहांनी 1830च्या दशकात बांधवली. पाच तख्तांपैकी, म्हणजे आमच्या सर्वोच्च धर्मपीठांपैकी, ते एक. फक्त एक सावधगिरी: हुजूर साहिबच्या काही रीती आमच्याच आहेत. रोज गोदावरीचं पाणी घागरीतून येतं, दिवे ओवाळून आरती होते, दसरा-होळीला हल्लाबोलची मिरवणूक निघते. तुम्ही एकदा नांदेडला येऊन गेला असाल तर तेच सगळीकडे चालतं असं धरून चालू नका. अमृतसरला दिवे ओवाळत नाहीत.

रणजितसिंहांचं राज्य, 1849 मध्ये इंग्रजांनी ते घेणं, गुरुद्वारे महंतांच्या हातून सोडवण्याची चळवळ आणि 1925चा कायदा, फाळणी, हे सगळं तुम्हाला वाचायला मिळेल. 1984 मात्र वाचून कळत नाही. त्या जूनमध्ये अमृतसरला अकाल तख्तावर तोफगोळे पडले आणि नोव्हेंबरमध्ये दिल्लीत शिखांना घराबाहेर ओढून मारलं. दिल्ली-कानपूरकडच्या बहुतेक शीख कुटुंबांत त्याची एखादी आठवण असते. व्याह्यांच्या घरात ती निघाली तर ऐकून घ्या.

मानतात काय, हे तीन ओळींतही सांगता येतं, कारण जपुजीची, म्हणजे ग्रंथातल्या पहिल्या वाणीची, सुरुवातच तशी आहे. इक ओंकार: एकच आहे. तो कर्ता आहे, निर्भय आहे, कुणाशी वैर नसलेला आहे, काळाच्या पलीकडे आहे, जन्माला येत नाही. जन्माला येत नाही म्हणून अवतार नाही, आणि म्हणून मूर्ती नाही. विठ्ठल, राम, हरी, अल्ला ही नावं ग्रंथात पुष्कळ येतात, पण सगळी त्या एकाची. मधला अडसर एकच, 'हउमै', मी-पणा. उपाय म्हणून तीन गोष्टी: नाम जपणं, कष्टाची भाकरी कमावणं, आणि ती वाटून खाणं. त्याच्या 'हुकमा'त राहायचं. तुम्ही म्हणाल, हे तर ठेविले अनंते. बरंचसं तेच. पण आमच्याकडे त्याच्या जोडीला 'चढदी कला' आहे, म्हणजे संकटातही उमेद चढतीच ठेवायची, आणि रोजच्या अरदासीचा, म्हणजे उभं राहून करायच्या प्रार्थनेचा, शेवट 'सरबत दा भला' मागून होतो, सगळ्यांचं भलं. उपास, मुहूर्त, पत्रिका, सोयरसुतक, तीर्थस्नानाचं पुण्य, यांना स्थान नाही. लेक एकादशी धरत असेल तर तिला कुणी अडवेल असं नाही, पण साबुदाण्याची खिचडी कशासाठी हे तिला समजावून सांगावं लागेल.

'हिंदूच ना?' याचं उत्तर सरळ देते: नाही, आणि हा प्रश्न साखरपुड्याच्या जेवणावळीत काढू नका. तुमच्या मनात तो आपुलकीने येतो हे मला कळतं. 'तुम्ही आमचेच' म्हणताना आपण जवळ घेतो असं वाटतं, पण ऐकणाऱ्याला आपलं नाव पुसल्यासारखं वाटतं. कायद्याचं म्हणाल तर घोळ आहे खरा. शिखांना 1955चा हिंदू विवाह कायदा लागू होतो, आणि आनंद विवाहाला, म्हणजे शीख पद्धतीच्या लग्नाला, मान्यता देणारा स्वतंत्र कायदा 1909 पासून आहेच. शीख हे राष्ट्रीय पातळीवर अल्पसंख्य म्हणून अधिसूचित आहेत. 2011च्या जनगणनेत ते देशात दोन कोटींच्या थोडे वर होते, शंभरात दोनही नाहीत. पंजाबात थोरला मुलगा शीख आणि धाकटे हिंदू अशी घरं होती, अजून लग्नं होतात, हेही तितकंच खरं. नातं आहे, पण धर्म वेगळा आहे.

आणि आमचं सगळं सोन्याचं आहे असंही नाही. पंगत एक असली तरी पंजाबात गावोगावी जातीजातींचे वेगळे गुरुद्वारे आहेत, आणि लग्नाच्या जाहिरातींत जात छापून येते. बाईला ग्रंथ वाचायला, कीर्तन करायला, पाठाला बसायला मनाई नाही, मी आयुष्यभर तेच करतेय. पण कमिट्यांच्या खुर्च्यांवर कोण बसलंय ते एकदा बघा. दारूला धर्माची परवानगी नाही. रिसेप्शनला काय दिसेल ते मी सांगत नाही.

आता लग्न. आधी एक काम आजच करा: ज्या गुरुद्वारात ठरतंय तिथल्या ग्रंथींना, म्हणजे ग्रंथाची सेवा आणि वाचन करणाऱ्यांना, स्पष्ट विचारा. रहत मर्यादेनुसार, म्हणजे शिखांच्या आचारसंहितेनुसार, आनंद कारज, म्हणजे हे लग्न, दोघंही शीख असतील तरच करायचं. हिंदू-शीख जोडप्यांची लग्नं प्रत्यक्षात पुष्कळ ठिकाणी लागतात, काही ठिकाणी लिहून घेतात, काही ठिकाणी नकार देतात. पत्रिका छापल्यावर नकार आलेली दोन घरं मी पाहिली आहेत. रिसॉर्ट किंवा समुद्रकिनारा कुणाच्या डोक्यात असेल तर काढून टाका, तिथे सरूप नेता येत नाही.

लग्न सहसा सकाळी असतं. आधी मिलनी, दोन्हीकडचे मामा-काका एकमेकांना हार घालतात. आत नवरा-नवरी ग्रंथासमोर बसतात, नवरी त्याच्या डावीकडे. वधूवर आणि दोघांचे आईवडील उभे राहून अरदास होते. मग वधूचे वडील मुलाच्या पल्ल्याचं टोक लेकीच्या हातात देतात आणि रागी, म्हणजे कीर्तन गाणारे, 'पलै तैडै लागी' गातात. कन्यादान नाही, अंतरपाट नाही, मंगलाष्टका नाहीत, पण तुमच्या यजमानांना रुमाल लागणार तो इथे, मी सांगून ठेवते. मग चार लावां, म्हणजे लग्नाची चार कडवी, चौथे गुरू रामदास यांची रचना. एकेक लांव आधी वाचतात, मग ती गायली जात असताना जोडपं ग्रंथाला फेरी घालतं. साक्षीला अग्नी नाही, शब्द आहे. मंगळसूत्र, हळद, लक्ष्मीपूजन तुमच्या घरी आदल्या दिवशी खुशाल करा, त्याला कुणी नाक मुरडणार नाही. गुरुद्वारात मात्र अक्षता नेऊ नका.

बाकी बारीकसारीक: डोकं सगळ्यांचं झाकलेलं, बायकांना पदर चालतो, पुरुषांना रुमाल तिथे मिळतात. फेटा बांधून आलात तर उत्तमच. जोडे जोडाघरात. जमिनीवर बसताना पाय ग्रंथाकडे पसरू नका, गुडघे दुखणाऱ्या आजींची सोय आधी विचारून ठेवा. काकामंडळींच्या खिशातली तंबाखूची पुडी आणि चुन्याची डबी गाडीतच राहू द्या. यावर मी हसून बोलत नाहीये, तंबाखू आमच्यात मोठ्या निषिद्ध गोष्टींपैकी एक आहे. प्रसाद दोन्ही हातांची ओंजळ करून घ्यायचा: कणीक, तूप, साखर समभाग, तुपाने हात माखतात, ते माखू द्या. लंगर शाकाहारीच असतो, त्यामुळे माळकऱ्यांनी निर्धास्त बसावं. हवं तेवढंच घ्या, ताटात टाकू नका. जेवण झाल्यावर तुमच्या घरच्या चार बायका पोळ्या लाटायला गेल्या तर त्या घरात तुमच्या लेकीची निम्मी ओळख तिथेच होईल.

आणि रागींना दोन दिवस आधी निरोप द्या: मुलीकडचे पंढरीचे आहेत, भगत नामदेवजींचा एक शब्द घ्या. त्यांच्याकडे असतोच. तुमच्या सासूबाईंना पुढच्या रांगेत बसवा. शब्द कुठल्या भाषेतला हे त्यांना कळणार नाही, शेवटी 'नामा' आला की कळेल.